कॉलेजचा बास्केटबॉल कोच : याला करिअर म्हणायचं का? (लांबण लागलीय, सांभाळून घ्या)

फक्कीवाला | सोमवार, रात्री १०:५०

राम राम मंडळी. चार-पाच वर्षं इथे नुसता वाचतोय, धागा पहिल्यांदा काढतोय.

मी जळगाव जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी सिनियर कॉलेजला बास्केटबॉल शिकवतो. कागदावर 'मानधन तत्त्वावर क्रीडा मार्गदर्शक', ग्राउंडवर मीच कोच, मीच शिपाई, टीम बाहेर न्यायची तर क्रूझर ठरवणारा मीच अन् सकाळी फक्की (रेघा आखायची पांढरी पूड) मारणाराही मीच, म्हणून हा आयडी. यंदा नववं वर्ष. बी.पी.एड., एम.पी.एड. झालंय, पतियाळ्याच्या एन.आय.एस.चा (राष्ट्रीय क्रीडा संस्था) सहा आठवड्यांचा कोचिंगचा कोर्स केलाय, सेट (कॉलेजात लागायची पात्रता परीक्षा) दुसऱ्या फटक्यात निघाली. शारीरिक शिक्षण संचालकाची जागा आमच्याकडे रिकामी आहे पण जाहिरात काही निघत नाही, दर जूनमध्ये ऐकतो की यंदा नक्की. मानधन वर्षातले दहा महिने, तेही तीन-तीन महिन्यांचं एकदम, आकडा सांगत नाही, लाज वाटते.

ग्राउंड मुरमाचं. २८ बाय १५ मीटरचं कोर्ट सकाळी साडेपाचला आखतो, आठपर्यंत पोरांच्या पायांनी पुसलं जातं. दर वर्षी पावसाळ्याआधी एक ट्रॉली मुरूम पडतो आणि रिंग चार बोटं खाली येते. ३.०५ मीटरचा एक बांबू कापून ठेवलाय, तो खांबाला लावला की कळतं यंदा आपण किती उंचीवर खेळतोय. पोरं बाहेरच्या कोर्टवर गेली की पहिले चार-पाच शॉट रिंगच्या खालच्या कडेला आपटतात अन् मला म्हणतात, सर यांची रिंग उंच आहे. यांची बरोबर आहे रे, आपली बुडालीय.

नऊ वर्षांत विभागाची फायनल चारदा, जिंकलो एकदा (मुली). सात जण विद्यापीठाच्या टीममधून वेस्ट झोनला (पश्चिम विभागाच्या आंतरविद्यापीठ स्पर्धेला) गेले. बस, एवढंच.

आता मुद्दा. साडूभाऊ सुरतला कापडाच्या प्रोसेसिंगमध्ये आहेत, म्हणतात सुपरवायझर म्हणून या, २६ हजार आणि राहायला खोली. माझं वय ३४, पोरगी जूनमध्ये पहिलीला जाईल. बायको काही म्हणत नाही, तेच जास्त लागतं. एका जुन्या मित्राला हे सांगितलं तर त्याने कुठल्यातरी अमेरिकन कोचचं, वुडन म्हणून, पाठवलं की त्याला पहिलं विजेतेपद मिळायला १६ वर्षं लागली, तू नऊतच थकला? रात्रभर डोक्यात तेच. खरंच असं आहे का? आणि असेल तरी माझा त्याच्याशी संबंध काय?

---

शेवभाजी_एक्स्ट्रा_तिखट

पहिला मी! भाऊ, सुरतला शेवभाजी मिळते पण तिला आपली चव नसते, एवढं लक्षात घेऊन निर्णय घ्या.

(सिरियस प्रतिसाद जाणकार देतीलच)

---

केळीवाला_रावेर

मन्हा दोन्ही भाऊ तठेच शेतस. बारा बारा घंटा मशिनसमोर उभा ऱ्हातस. पैसा शे, पन गाव नही. सोची ले भो.

---

यावलकर_पुण्यात

फक्कीवाला भाऊ, वुडनवर मी मध्यंतरी पिसाटासारखं वाचलं होतं, ऑफिसमध्ये कामं नव्हती तेव्हा, तर सांगतो. मित्राने पाठवलं ते आकड्यांनी खरं आहे पण अर्धंच आहे.

जॉन वुडन, जन्म १९१० चा, इंडियाना राज्यातल्या खेड्यातला, शेतकऱ्याच्या घरचा. खेळाडू म्हणून मोठा होता, पर्ड्यू युनिव्हर्सिटीकडून तीनदा ऑल अमेरिकन, म्हणजे देशातल्या निवडक कॉलेज खेळाडूंत. पण पेशा काय, तर हायस्कूलला इंग्रजीचा मास्तर आणि सोबत कोचिंग! कोच म्हणून पहिल्याच वर्षी जिंकण्यापेक्षा हरलाच जास्त. १९३२ ला लग्न करायचं तर आदल्या दिवसांत बँक बुडाली आणि त्याने जमवलेले ९०९ डॉलर गेले, उसने घेऊन लग्न केलं. मग महायुद्धात नेव्हीत. तिथून परतल्यावर १९४६ ला इंडियाना स्टेटला आला, आणि १९४८ ला लॉस एंजेलिसच्या युसीएलए युनिव्हर्सिटीला.

ही युसीएलएची गोष्ट पण मजेशीर आहे. त्याला जायचं होतं मिनेसोटाला. त्यांचा फोन ठरल्या वेळी यायचा होता, पण तिकडे बर्फाचं वादळ, लाईनी बंद. फोन आला नाही म्हणून यांनी युसीएलएला हो म्हटलं, नंतर मिनेसोटाचा फोन लागला तर म्हणाला आता शब्द दिलाय. आपल्याकडे लाईट गेली म्हणून संबंध राहून जातात ना, तसं उलटं.

आता तुमच्या ग्राउंडशी जुळणारा भाग. युसीएलएला गेल्यावर हॉल कसला मिळाला? तिसऱ्या मजल्यावरचं जुनं जिम, हवा खेळती नाही, घामाचा वास इतका की पोरांनी त्याला वासावरूनच नाव ठेवलेलं. एकाच वेळी एका बाजूला कुस्तीवाले, दुसऱ्या बाजूला जिम्नॅस्टिक्सवाले, मध्ये हे. प्रॅक्टिसआधी वुडन आणि टीमचे मॅनेजर पोरं मिळून फरशी झाडायची, पुसायची. हे एक-दोन वर्षं नाही, १९६५ ला नवीन स्टेडियम झालं तोपर्यंत, म्हणजे १७ वर्षं. आणि पहिली दोन विजेतेपदं (अख्ख्या अमेरिकेतल्या कॉलेजांची), १९६४ आणि १९६५, त्या कोंदट जिममध्ये सराव करूनच आली.

नंतरचं सगळ्यांना माहितीय, १२ वर्षांत १० विजेतेपदं, त्यातली ७ सलग, ८८ मॅच न हरता. ती ८८ ची माळ १९७४ च्या जानेवारीत नोत्र दामने ७१-७० ने तोडली, एका पॉइंटने! १९७५ ला दहावं घेऊन निवृत्त. २०१० ला गेला, शंभरीला चार महिने कमी.

तेव्हा १६ वर्षं वगैरे खरं. ही १६ वर्षं तो रडतखडत नव्हता, बरेच सीझन चांगले जात होते, फक्त शेवटचं टोक गाठत नव्हता, हे मात्र सांगायला हवं.

---

कोरडवाहू

माफ करा, पण हे असले दाखले दिले की डोकं फिरतं माझं. यावलकर, राग मानू नका, तुम्ही छान लिहिलंय. पण वुडनला १६ वर्षं विजेतेपद नव्हतं, पगार होता हो! दर महिन्याला. घर होतं, पक्की नोकरी होती. फक्कीवाला भाऊ विजेतेपदाची वाट बघत नाहीये, ते जाहिरातीची वाट बघतायत. दोन्हीत जमीन-अस्मानाचा फरक आहे. एकात माणूस स्वतःच्या कामाने पुढे जातो, दुसऱ्यात मंत्रालयातली फाईल पुढे गेली तर माणूस पुढे जातो.

आणि दुसरं. १६ वर्षं थांबले आणि ज्यांना १७ व्या वर्षी काही मिळालं नाही असे किती मास्तर असतील तिकडेही? त्यांच्यावर कोण लिहिणार? आमच्याकडे एका शेतकऱ्याला एका वर्षी कपाशीने सोन्याचे दिवस दाखवले की पुढची दहा वर्षं अख्खं गाव त्याचंच नाव घेऊन कपाशी लावतं.

वुडनला फार देव्हाऱ्यातही बसवू नका. त्याच्या सुवर्णकाळात एक पैसेवाला बिल्डर पोरांच्या अवतीभवती असायचा, कपडालत्ता, मदत सगळं, आणि वुडन निवृत्त झाल्यावर १९८१ ला एन.सी.ए.ए.ने (तिकडच्या कॉलेज खेळांची संघटना) युसीएलएवर कारवाई करून त्या माणसाशी संबंध तोडायला लावले. वुडनने स्वतः काही केलं असं नाही, पण दिसत नव्हतं का?

माझं मत सरळ. पोरगी पहिलीत जातेय. सुरतला जा.

---

भुसावळ_लोको

मी रेल्वेतून रिटायर्ड, वय ६८, त्यामुळे सगळ्यांना अरे-तुरे करतो, चालवून घ्या.

कोरडवाहू बोलतो ते कडू आहे पण पगाराचा मुद्दा शंभर टक्के खरा. फक्कीवाल्या, तुला काही विचारतो. दर वर्षीची ऑर्डर लेखी आहे का? का तोंडी 'या सर, करा सुरू'? नऊ वर्षांची अनुभव प्रमाणपत्रं घेतली का, जावक क्रमांक टाकून? विद्यापीठाच्या टीमसोबत कधी कोच म्हणून गेला असशील तर त्याचं पत्र जपून ठेवलं का? जाहिरात निघाली (निघेल की नाही देव जाणे) तर मुलाखतीत हे कागद मागतात, तिथे कोणी तुझी फक्की बघणार नाही. आमच्या रेल्वे ग्राउंडवर असेच एक मास्तर होते, अख्ख्या भुसावळच्या पोरांना शिकवलं, कागद एक नाही. शेवटी रसवंती चालवली.

सुरतला जायचं का नाही हे नंतर. आधी उद्या ऑफिसात जाऊन कागद गोळा कर.

---

फक्कीवाला

नाना, ऑर्डर पहिली चार वर्षं आहे, नंतर तोंडीच. प्रमाणपत्र एकच आहे, तेही बँकेच्या लोनसाठी घेतलं होतं. तुम्ही वर्मावर बोट ठेवलं. उद्याच जातो.

कोरडवाहू भाऊ, राग नाही. मला हेच कोणीतरी बोलायला हवं होतं, घरी सगळे जपून बोलतात.

यावलकर, एक विचारू? तो माणूस प्रॅक्टिसमध्ये नेमकं काय करायचा हे कुठे आलंय का? विजेतेपदं राहू द्या, सकाळी साडेसहाला ग्राउंडवर काय करायचं हे मला रोज लागतं.

---

यावलकर_पुण्यात

हो हो, हा तर माझा आवडता भाग.

एक, मोजे. सीझनच्या पहिल्या दिवशी मोठमोठी पोरं, अख्ख्या अमेरिकेतून निवडून आणलेली, खाली बसवायची आणि मोजे कसे घालायचे ते शिकवायचं. टाच टाचेत बसली पाहिजे, करंगळीपाशी सुरकुती नको, मग बोटांकडून वर हाताने सपाट करत यायचं. मग बूट, नाडी प्रत्येक भोकापाशी ओढत ओढत वर. का? तर सुरकुतीने फोड येतो, फोड आला की पोरगं सराव बुडवतं. बिल वॉल्टन, करीम अब्दुल-जब्बार (तेव्हा लू अल्सिंडर) सगळ्यांनी हे केलंय, पहिल्या दिवशी एकमेकांकडे बघत असणार की म्हातारा बरा आहे ना.

दोन, रोजच्या दोन तासांच्या प्रॅक्टिससाठी सकाळी दोन तास बसून आखणी, मिनिटामिनिटाची, आणि ती छोट्या कार्डावर लिहून खिशात. अमुक ड्रिल ५ मिनिटं म्हणजे ५, रंगात आलं तरी बंद. जुनी कार्डं जपून ठेवायचा, दोन वर्षांपूर्वी याच दिवशी काय केलं होतं ते बघायला.

तीन, हे मला फार पटलं. त्याच्या शेवटच्या सीझनमध्ये शिक्षणाचा अभ्यास करणारे दोन प्रोफेसर गॅलरीत बसून तो बोललेलं प्रत्येक वाक्य नोंदवत होते. १९७६ ला छापून आलं. शाबासकी फार कमी, रागावणंही साधारण तेवढंच कमी, आणि चारातली तीन वाक्यं निव्वळ माहिती, म्हणजे हात असा, पाय तिथे, पास आता. भाषणं नाहीत. शिवी तर आयुष्यात नाही.

---

शेवभाजी_एक्स्ट्रा_तिखट

आमचे कॉलेजचे सर चारातली तीन वाक्यं आमच्या खानदानावर बोलायचे, चौथ्यात पाणी आणायला पाठवायचे.

अवांतर : बास्केटबॉल ज्याने काढला तो जेम्स नेस्मिथ स्वतः कॅन्सस युनिव्हर्सिटीचा पहिला कोच होता, त्याचा रेकॉर्ड ५५ विजय ६० पराभव. तिथल्या आजवरच्या कोचांमध्ये हरण्याचा हिशोब जास्त असलेला तो एकटाच! आणि त्याचा चेला फॉग ॲलन कोच व्हायला निघाला तर नेस्मिथ म्हणाला की अरे हा खेळ शिकवायचा नसतो, खेळायचा असतो. १८९१ ला १३ नियम लिहिले, दोन पीचच्या टोपल्या ठोकल्या, काम झालं त्याचं. भाऊ, शोधणाराच मायनसमध्ये, तुम्ही कशाला टेन्शन घेता.

---

तापीची_लेक

इतका वेळ वाचत होते, आता राहवत नाही. सगळे पुरुष कोच आणि पुरुषांचीच टीम चाललीय, म्हणून मी पॅट समिटचं सांगते.

टेनेसीची शेतकऱ्याची पोर. तिच्या गावातल्या शाळेत मुलींची टीम नव्हती तर घरच्यांनी चक्क पलीकडच्या गावात बिऱ्हाड हलवलं, का तर पोरीला खेळता यावं. १९७४ ला, वय २२, टेनेसी युनिव्हर्सिटीत असिस्टंट म्हणून आली तर हेड कोचच निघून गेल्या, आणि हिलाच म्हणाले तू सांभाळ. टीममधल्या काही मुली हिच्याहून जेमतेम वर्षभराने लहान! पगार महिन्याला २५० डॉलर. व्हॅन हीच चालवायची, ड्रेस हीच धुवायची. पहिली मॅच एका पॉइंटने हरली. त्याआधी दोनच वर्षं, १९७२ ला, तिकडे कायदा झाला होता की सरकारी पैसा घेणाऱ्या शाळा-कॉलेजांत मुलींशी भेदभाव चालणार नाही, त्यामुळे दार उघडलं होतं पण आत खुर्ची नव्हती. कोरडवाहू भाऊ, हिला काही मोठा पगार नव्हता बरं का.

पहिलं विजेतेपद १९८७ ला. पुढे एकूण ८, आणि ३८ वर्षांत १०९८ मॅच जिंकल्या. पण मला लागलं ते वेगळंच. जी पोरगी तिच्याकडे चारही वर्षं खेळली ती प्रत्येक जण पदवी घेऊनच बाहेर पडली. एकही सुटली नाही. २०११ ला साठीच्या आत अल्झायमर निघाला, तरी एक सीझन केला, २०१६ ला गेली.

आता माझं. मी पण अशाच एका मानधनवाल्या सरांकडे खेळले, तापीकाठच्या एका गावी. वडील म्हणायचे हाफ पॅन्ट घालून पोरगी चौकातून जाणार नाही. सर घरी आले, चहा घेतला, एक शब्द खेळाचा बोलले नाहीत, कांद्याच्या भावावर अर्धा तास. निघताना म्हणाले, काका ट्रॅकपॅन्टवर खेळेल ती, आणि मॅडम सोबत असतील. मॅडम म्हणजे त्यांची बायको! बिचारी शिवणकाम सोडून आमच्याबरोबर टूर्नामेंटला यायची, चटणी-भाकरी बांधून. मी आज पोलिसात आहे. खेळाच्या कोट्यातून नाही, साध्या भरतीतून, पण ८०० मीटर पळायचं होतं तेव्हा बाकीच्या पोरी फाफलत होत्या आणि माझे पाय आपोआप चालत होते, कारण सर उशिरा आल्याबद्दल कोर्टाला २० फेऱ्या मारायला लावायचे अन् मी रोज उशिरा यायचे. 🙂

फक्कीवाला दादा, रहा किंवा जा, मी सांगणारी कोण. फक्त वहिनींना विचारा. त्या गप्प आहेत म्हणजे नाराजच आहेत असं तुम्ही का धरून चाललात?

---

केळीवाला_रावेर

ताई +१. डोयात पानी उनं.

---

धुळे_पारोळा_रोड

मी धुळ्याला विद्यापीठ लेव्हल खेळलोय (गार्ड, उंची ५ फूट ६, हसू नका).

कोरडवाहूंच्या मुद्द्याला एक जोड. ड्यूक युनिव्हर्सिटीचा कोच माईक शशेव्हस्की, आडनावाचा उच्चार मीही सहा महिने चुकीचा करत होतो, सगळे कोच के म्हणतात. १९८० ला ड्यूकला आला. पहिल्या तीन सीझनचा हिशोब ३८ विजय, ४७ पराभव. १९८३ ला व्हर्जिनियाने १०९-६६ ने धुतला, ४३ पॉइंट! माजी विद्यार्थी, देणगीदार, सगळे मागे लागले, काढा याला. त्या रात्री हॉटेलात जेवायला बसले तेव्हा कोणीतरी पाण्याचा ग्लास उचलून म्हणालं की आजची रात्र विसरू या, तर हा म्हणाला, नाही, आजची रात्र कधीच विसरायची नाही.

हे डायलॉगबाजीचं झालं. खरी गोष्ट पुढे आहे. तिथल्या स्पोर्ट्स डायरेक्टरने, टॉम बटर्स नाव, १९८४ मध्ये काय केलं तर काढायच्या ऐवजी याचा करार वाढवून दिला. कागदावर. मग १९९१ ला पहिलं विजेतेपद, एकूण ५, २०२२ ला निवृत्त झाला तेव्हा १२०२ विजय. सगळे कोच के, कोच के करतात. मी म्हणतो फोटो त्या बटर्सचा लावा. आपल्याकडे शशेव्हस्की गल्लोगल्ली आहेत, बटर्स नाही. फक्कीवाला भाऊ, तुमच्या संस्थेत असा एक तरी माणूस आहे का? सचिव, विश्वस्त, कोणीही? असेल तर त्याच्याकडे जा. नसेल तर मग कोरडवाहू बरोबर आहेत.

---

कोरडवाहू

हे पटलं. बटर्सवालं. समिटचंही पटलं, ताई, माघार घेतो अर्धी.

---

भुसावळ_लोको

अर्धी का असेना, कोरडवाहूने माघार घेतली, हा धागा वर पिन करा.

---

यावलकर_पुण्यात

धुळेकर, बटर्सवरून अजून एक. नॉर्थ कॅरोलिना युनिव्हर्सिटीचा डीन स्मिथ. १९६१ ला हेड कोच झाला, १९६५ ला टीम हरून बसने परत आली तर कॅम्पसवर पोरांनी त्याचाच पुतळा फासावर लटकवलेला! पहिलं विजेतेपद १९८२ ला, म्हणजे २१ व्या सीझनला (त्या फायनलमधला निर्णायक शॉट पहिल्या वर्षातल्या मायकल जॉर्डनचा). १९९७ ला ८७९ विजयांवर थांबला. २०१५ ला वारला आणि थोड्या दिवसांनी त्याच्या जवळपास १८० जुन्या खेळाडूंना पाकिटं आली, आत २०० डॉलरचा चेक, आणि निरोप की बाहेर छान जेवा, कोच स्मिथकडून. मृत्युपत्रात लिहून ठेवलं होतं.

आणि त्याचा एक नियम होता. बास्केट झाली की करणाऱ्याने पास देणाऱ्याकडे बोट दाखवायचं. टाळ्या तुला मिळाल्या, पण बॉल कोणी दिला ते सगळ्यांना दिसू दे. फुकटात करण्यासारखं आहे, मुरमावरही चालतं.

---

शेवभाजी_एक्स्ट्रा_तिखट

२०० डॉलरमध्ये जळगावात अख्ख्या टीमला भरीत पार्टी, वर केळीचे वेफर्स घरी न्यायला.

---

धुळे_पारोळा_रोड

फक्कीवाला भाऊ, तुमच्या रिंगला जाळ्या आहेत का हो? बॉल आत गेला की बाहेरून गेला यावरून आमच्या प्रॅक्टिसला रोज भांडणं. माझ्याकडे दोन नवीन पडून आहेत, पत्ता व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा.

---

फक्कीवाला | साडेतीन आठवड्यांनी

मंडळी, उशीर झाला. बरंच काही झालं, सुचेल तसं लिहितो.

नानांचं आधी. पाच अनुभव प्रमाणपत्रं मिळाली, जावक क्रमांकासकट. दोन वर्षांचं हजेरी रजिस्टर सापडत नाही म्हणाले, मग मीच स्टोअररूममध्ये घुसून काढलं, उंदरांनी कडा खाल्ल्यात पण सह्या शाबूत. उरलेलं काम क्लार्कबाईंच्या टेबलावर आहे, रोज जाता-येता नमस्कार घालतो.

बटर्स शोधायला विश्वस्तांपैकी एका आप्पांकडे गेलो, ते तरुणपणी व्हॉलीबॉल खेळायचे. मी कधीच काही मागायला गेलो नव्हतो त्यांच्याकडे, नऊ वर्षांत. त्यांनी ऐकून घेतलं, म्हणाले जागा भरणं माझ्या हातात नाही, सरकारचं आहे ते, पण मानधन बारा महिने आणि दर महिन्याला, एवढं मी मीटिंगला मांडतो. मांडलं. मंजूर होईल असं म्हणतात, लेखी अजून नाही. लेखी येईपर्यंत मी हुरळणार नाही, कोरडवाहूंचं वाक्य डोक्यात आहे.

ताई, बायकोला विचारलं. ती म्हणाली, तुम्ही सुरतला गेले तर मी सकाळी साडेपाचला कोणाच्या नावाने उठू? अन् मग म्हणाली पण पैशाचं काहीतरी बघा. दोन्ही एकाच दमात. साडूभाऊंना दिवाळीपर्यंत थांबा म्हटलंय, ते थोडे नाराज आहेत.

मोज्यांचं. केलं! मुलींना झाडाखाली रांगेत बसवलं. निम्म्यांचे मोजे आठवडे बाजारातले, टाच घोट्यावर आलेली, दोघींच्या मोज्यांना अंगठ्यापाशी भोकं, एकीने मोजेच आणले नव्हते, बुटात तसेच पाय. मी खाली बसून स्वतःच्या पायावर दाखवलं, हाताने सपाट करत. सगळ्या फिदीफिदी. मग एकीने बूट काढला आणि दाखवलं, करंगळीला फोड फुटून चिकटलेला, ती मागचे आठ दिवस लंगडत होती आणि मी तिला चार वेळा बोललो होतो की जीव लावून पळत नाही म्हणून. मला फार ओशाळं झालं. कॉलेजच्या नावाने नाही, माझ्याच खिशातून डझनभर कॉटनचे मोजे आणलेत, बिल बायकोला दाखवलं नाही.

कार्ड पण सुरू केलंय, पोरगीच्या वहीच्या पुठ्ठ्याचं. दोन तासांचं आखायला मला दीड तास लागला पहिल्या दिवशी, आणि लक्षात आलं की माझी निम्मी प्रॅक्टिस बॉल आणायला पळण्यात जात होती, कारण एका बाजूला कंपाउंडच नाही. आता त्या बाजूला शूटिंगच ठेवत नाही.

आणि परवा विभागाची मॅच होती. मी मुलींना बोटाचा नियम सांगून ठेवला होता. पहिल्याच बास्केटला आमच्या पाच नंबरने धावत जाऊन पास देणारीकडे बोट केलं, पास देणारी उभी होती नेमकी समोरच्या टीमच्या बेंचपुढे, त्यांना वाटलं ही आम्हाला चिडवतेय. त्यांचे सर उठले, रेफ्रींनी शिट्टी मारून आमच्या पाच नंबरला समज दिली, मी टेबलापाशी जाऊन समजावून सांगतोय की सर हे असं असं आहे, एक डीन स्मिथ म्हणून होते अमेरिकेत. रेफ्री म्हणाले, ते कोणत्या कॉलेजला?

सेमीफायनल सहा पॉइंटनी हरलो. पण त्यानंतरही पोरींनी बोट सोडलं नाही, फक्त हात खाली ठेवून, कमरेपाशी, रेफ्रींना दिसणार नाही असं.

धुळेकर, जाळ्या मिळाल्या, कुरियरवाल्याने कॉलेजऐवजी शेजारच्या दूध डेअरीत टाकल्या होत्या. एका बाजूला लावली. दुसऱ्या बाजूची रिंग आधी सरळ करावी लागेल, पोरं लटकून लटकून ती डावीकडे कललीय. वेल्डर शनिवारी येतो म्हणालाय. मुरूम पण उकरून घेतोय खांबापाशी, बांबू लावून बघितला, सहा बोटं कमी आहे यंदा.

---

भुसावळ_लोको

वेल्डरला शुक्रवारी संध्याकाळी पुन्हा फोन कर.